मधले तीन ठिपके

१

सकाळी खोली उघडायची, मुख्य बटण वर करायचं, संगणक घरघरत जागे होईपर्यंत खिडक्या उघडायच्या, आणि मग भरणी. हे वकीलचं काम. वकील म्हणजे मामाची भाची. कायद्याचं शिक्षण मधेच सोडून आली म्हणून मामानं तिला हे नाव ठेवलं, आणि खोलीत ते इतकं रुळलं की खऱ्या नावानं कुणी हाक मारली असती तर तिनंच आधी मागे वळून पाहिलं असतं, कुणाला बोलावतायत म्हणून.

तळमजल्यावर सायकल दुरुस्तीचं दुकान, त्याच्यावर बंद पडलेलं गोदाम, आणि सगळ्यात वर मामाचा धंदा. जुने संगणक, एक पाय आखूड असलेल्या खुर्च्या, आणि दिवसभर एकच खेळ खेळणारी पोरं. खेळात चित्रविचित्र प्राणी पाळायचे, त्यांना लढवायचं, जिंकलं की नाणी. ती नाणी बाहेर बाजारात विकली जात. प्राणी मामाचे, डोळे आणि मनगटं पोरांची, आणि वाटणीत मोठा घास कुणाचा हे सांगायला नको.

प्रत्येकाचं एक वॉलेट होतं. इंटरनेटवरचं पाकीट, ज्यात नाणीही राहतात आणि प्राणीही. त्यातलं काहीही हलवायचं तर थोडं भाडं पडतं, त्याला गॅस म्हणतात. गॅस संपला की वाघाएवढा प्राणीसुद्धा मांजरासारखा बसून राहतो. म्हणून रोज सकाळी सगळ्यांच्या वॉलेटमध्ये थोडं थोडं टाकायचं. खोलीत त्याला भरणी म्हणत.

भरणीला पत्ता लागतो. वॉलेटचा पत्ता म्हणजे अक्षरं आणि आकडे एकमेकांत गुंतलेली लांबलचक दोरी. संगणकाचा पडदा ती कधीच पूर्ण दाखवत नाही. सुरुवातीची चार अक्षरं, शेवटची चार, आणि मधे तीन ठिपके. सगळे तेवढंच बघतात. पुढचं जुळलं, मागचं जुळलं, दाबलं बटण. वकील मात्र ठिपक्यांवर टिचकी मारायची, पूर्ण दोरी उघडायची आणि एकेक अक्षर तोंडानं वाचायची.

"झाली का बाराखडी?" पहिलवान शेजारून विचारायचा. अंगावर मांस नव्हतं म्हणून तो पहिलवान. "तू वाचेपर्यंत माझा प्राणी म्हातारा होईल."

"चुकीच्या दारात टाकलं तर परत कोण आणून देणार? तुझे वडील?"

"माझे वडील असते तर इथं कशाला बसलो असतो."

खोलीत असंच चालायचं. वकीलला ते आवडायचं. कॉलेजात कुणी एवढं खरं बोलत नव्हतं.

२

मामाचं स्वतःचं वॉलेट मामा स्वतःच भरायचा. पैशाच्या बाबतीत त्याचा स्वतःच्या सावलीवर विश्वास नव्हता, तर भाचीवर कुठून असणार.

मामा माणूस म्हणून फारसा बरा नव्हता. पोरांचा वाटा उशिरा द्यायचा, भाडं थकवायचा, मामीशी खोटं बोलायचा आणि वर तेही नीट नाही. बोलणं सुरू करायचा शिवीनं आणि संपवायचा टोमण्यानं. पण या दोन्हींच्या मधे कुठंतरी, घाईघाईत, एखादं वाक्य असं टाकून जायचा की दिवसभर कानात राहायचं. वकीलनं कॉलेज सोडलं तेव्हा बापानं भिंतीकडे तोंड केलं, आई रडली, आणि झाडून सगळे नातेवाईक एकच प्रश्न घेऊन दारात उभे राहिले: मग पुरं कधी करणार? मोठ्या माणसांना प्रत्येक गोष्टीची दोनच टोकं दिसतात, प्रवेश आणि पदवी. मधल्या वर्षांत पोरगी वर्गात बसून आतून कशी करपत होती, हे विचारायला कुणाला फुरसत नव्हती.

मामा म्हणाला होता, "आली का गाढवीण? तू पळालेली नाहीस, उठून आलीस, त्यात फरक आहे. चल, ती खुर्ची पूस, तुझ्या बापानं नाही घेतलेली."

ते मधलं वाक्य तिनं जपून ठेवलं होतं. बाकीचं पुसून टाकलं, खुर्चीसारखं.

त्या सकाळी मामा तिच्या टेबलापाशी उभ्यानं भरणी करत होता. पूर्वीच्या व्यवहारांची यादी उघडली, वरचाच पत्ता उचलला. वकीलची नजर गेली. त्या ओळीत कुणीतरी मामाला काहीच पाठवलं नव्हतं. शून्य. आणि शून्य पाठवल्याची रीतसर नोंद झाली होती.

"मामा, थांब. हे तुझं नाही. भामटे असं करतात. तुझ्यासारखा दिसणारा पत्ता बनवतात, शून्य पाठवतात, म्हणजे तो तुझ्या यादीत येऊन बसतो. तू उचललास की गेलं."

"पुढचं जुळतंय. मागचं जुळतंय."

"मधलं बघ ना."

"मधलं कोण बघतं, वकीलबाई?" मामा म्हणाला, आणि बटण दाबलं.

लगेच एक चौकट उघडली. हे वॉलेट खेळाला जोडायचं? खाली दोन बटणं: सही करा, नाकारा. मामानं वाचलंसुद्धा नाही. वाचण्यात वेळ घालवणाऱ्याला तो नोकरदार म्हणायचा. सही केली.

वकील पडद्यावर वाकली. पण नाणी होती. प्राणी होते, एकूण एक. सगळं जागच्या जागी, उलट पडदा जरा लवकर उघडल्यासारखा वाटला.

"बघ," मामा म्हणाला. "गेलं का काही?"

तो आत केबिनमध्ये गेल्यावर तिनं ठिपक्यांवर टिचकी मारली. मधली सगळी अक्षरं वेगळी होती. ते मामाचं वॉलेट नव्हतं. ज्या कुलुपाची किल्ली जगात कुणी मामाला दिलेली नव्हती, ते त्याच्या किल्लीनं उघडलं होतं.

३

दुसऱ्या दिवशी तिला जिना ऐकू आला. म्हणजे नीट ऐकू आला नाही.

मामा वर यायचा ते सगळ्या इमारतीला कळायचं. जड पाय, चपलांची फटफट, गोदामापाशी थांबून धापा, मग पुन्हा फटफट. पोरं तेवढ्यात मोबाईल लपवायची. त्या दिवशी खाली सायकलवाल्याच्या दुकानापाशी फटफट झाली, आणि मग थेट दाराबाहेर फटफट झाली. मधे काहीच नाही. धापाही नाहीत.

"तू ऐकलंस?" तिनं पहिलवानला विचारलं.

"काय?"

"तेच. काही ऐकलं नाहीस ना?"

"वकील, चहा पी," पहिलवान म्हणाला.

तिनं स्वतःला समजावलं. खाली हवा भरायचं यंत्र चालू असेल, त्यात पाय बुडाले असतील. ती जिन्यात जाऊन उभी राहिली. यंत्र बंद होतं. सायकलवाला पंक्चर काढत होता आणि घमेल्यातल्या पाण्यात ट्यूबचा बुडबुडा फुटलेलासुद्धा वरपर्यंत ऐकू येत होता.

मग वॉलेटचं? तेही समजावलं. मामाचं दुसरं छुपं वॉलेट असेल, मामीपासून लपवलेलं. तेवढी अक्कल त्याला होती. पण दोन वॉलेटची टोकं योगायोगानं सारखी निघतात, यावर तिचाही विश्वास बसेना.

४

मामी एक दिवस स्वतः खोलीवर आली. हे कधी होत नसे. मामाच्या धंद्याला ती 'पोरांचा जुगार' म्हणायची आणि जिन्यालाही पाय लावायची नाही.

"तुझ्या मामाला झालंय काय गं?" तिनं वकीलला बाजूला घेऊन विचारलं. तीन पुडांचा डबा पिशवीतून काढून टेबलावर ठेवला. "रोज हेच. उघड."

वरचा पुडा धुतल्यासारखा रिकामा. खालचाही. मधला काठोकाठ भरलेला, चमचासुद्धा न लागलेला.

"तू मधे काय देतेस?"

"बदलून बघितलं. वरचं मधे ठेवलं, मधलं वर. जे मधे असतं ते परत येतं." मामीनं झाकण लावलं. वकीलला वाटलं, आता ही रडेल. पण मामी हसली. "एक सांगू? पण भांडत नाही बघ. सकाळी 'येतो' म्हणून जातो, संध्याकाळी 'आलो' म्हणून येतो. मधे एक शब्द नाही. इतक्या वर्षांत घरात पहिल्यांदा शांतता आहे."

"मामी, तो जेवत नाहीये."

"दोन पुडे जेवतो की."

"आणि मधे? घरी असतो तेव्हा बोलतो काय, करतो काय?"

मामी विचारात पडली. तिच्या कपाळावर आठी आली, आणि मग तिनंच ती बोटानं पुसल्यासारखी पुसली. "असेल काहीतरी करत. तू आता उगाच कोर्ट भरवू नकोस. मिळतंय ते नीट आहे."

वकीलला तिचा राग आला, इतका की डबा उचलून खाली भिरकावावासा वाटला. एका माणसाचा मधला सगळा भाग गेला होता, आणि त्याच्या बायकोला हिशेबात काही कमी दिसत नव्हतं. पण मग तिला वाटलं, मामी तरी काय वेगळं करतेय? सगळी थोरली मंडळी हेच करत आली. माणूस घरातून वेळेवर निघाला, वेळेवर परतला, की झाला शहाणा.

५

मामा केबिनमधून बाहेर आला, तिच्या टेबलाशी उभा राहिला आणि म्हणाला, "अगं वकीलबाई, तुला सांगतो," आणि मग काहीतरी झालं, आणि मग म्हणाला, "बरोबर की नाही?"

शेजारची पोरं माना हलवत होती.

मधे जे झालं त्याला बोलणं म्हणता येत नव्हतं आणि गप्प बसणंही म्हणता येत नव्हतं. शेजारच्या घरात कुणी बोलत असतं, सूर येतो, शब्द येत नाहीत, तसं. तोंड हलत होतं. आवाज मामाचाच होता. फक्त त्यात काही नव्हतं.

"काय सांगितलंस?" तिनं विचारलं.

"तुला सांगतो," मामा म्हणाला, पुन्हा तो सूर, "बरोबर की नाही?"

तो गेल्यावर ती पहिलवानकडे वळली. "तू मान हलवलीस. काय म्हणाला तो?"

"भरणीचं म्हणाला."

"नक्की काय?"

"आता सगळ्यांची भरणी तोच करणार, असं काहीतरी. शेवटचं ऐकलं मी. अरे, मालक बोलतोय, आपण मान हलवायची. शब्दन्शब्द कोण ऐकतं?"

"तुझी भरणी त्याला करू देऊ नकोस. सही मागेल. नाकार."

"वकील, तू ना, कॉलेज सोडलंस पण भाषण नाही सोडलंस."

पण हसला तो, तिच्या समाधानासाठी हो म्हणाला. जेवणाच्या सुट्टीत ती खाली जाऊन आली तेव्हा त्याच्या पडद्यावरची चौकट मिटत होती. त्यानं तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"पहिलवान?"

"ए वकील," तो म्हणाला, आणि मग तो सूर, आणि मग, "चहा पी."

तिनं त्याची खुर्ची स्वतःकडे फिरवली. पुढच्या काही दिवसांत जिना एकेका पायानं मुका होत गेला. शेवटी सकाळी खाली चपलांचा गलका व्हायचा, वर दारात चपलांचा गलका व्हायचा, आणि मधल्या पायऱ्यांवर फक्त तिचे पाय वाजायचे.

६

"नोकरी सोड मग," आई म्हणाली. "सोडायचं तर तुला येतंच."

आई कपड्यांच्या घड्या घालत होती. वकील दारात उभी होती.

"आई, तुझा भाऊ आहे तो. तू त्याच्याशी बोललीस का इतक्यात? नीट?"

"बोलले की. सकाळीच फोन होता. 'ताई, कशी आहेस' म्हणाला, 'काळजी घे' म्हणाला. किती गोड बोलायला लागलाय."

"मधे काय म्हणाला?"

"मधे?" आईनं उशीचा अभ्रा झटकला. "मधे काय म्हणायचं असतं?"

बाप बाहेरच्या खोलीत बातम्या बघत होता, त्याला तर टोकंसुद्धा जास्तच होत होती.

"उद्या तुझी भरणी करणार म्हणाला," आई पुढं म्हणाली. "हे मात्र ऐकलं मी, शेवटी म्हणाला. मान दे त्याला, खोड काढू नकोस. सगळ्यांनी करून घेतली म्हणे. तूच राहिलीस."

त्या रात्री नोकरी सोडायचा विचार तिनं केला नाही असं नाही. सोडून येण्याची तिला लाजही नव्हती. पण एकदा ती जिथून उठली होती तिथलं तिला कुणीच हवं नव्हतं. इथं एक माणूस होता, ज्यानं तिच्या उठण्याला पळणं म्हटलं नव्हतं. तो कुठंतरी गहाळ झाला होता, आणि सगळ्या जगात ती एकटी होती जिला ते कळलं होतं. ती उठली तर तो गेल्याचं सांगायलाही कुणी उरणार नव्हतं.

७

दुपारचं ऊन टेबलांवर आलं होतं. संगणक चालू होते, पोरं पडद्यांकडे बघत होती, पण कळफलकांचा आवाज बंद झाला होता. वकीलच्या यादीत एक नवी ओळ उगवली. कुणीतरी तिला काहीच पाठवलं नव्हतं. पुढची चार अक्षरं तिची. मागची चार तिची.

चौकट उघडली. सही करा. नाकारा.

तिनं नाकारलं.

चौकट पुन्हा उघडली. तिनं पुन्हा नाकारलं. बोट दुखेपर्यंत नाकारलं. मग पाठीमागं केबिनचं दार वाजलं आणि मामा तिच्या टेबलाशी येऊन उभा राहिला, नेहमीचा सदरा, नेहमीचा घामाचा वास, चपला, टक्कल, सगळं.

"अगं वकीलबाई," तो म्हणाला.

"ऐकते. बोल. पण आज मधलंसुद्धा बोल."

तो सूर सुरू झाला. मामा टेबलावर ओणवा झाला, पडद्यावरचं बटण दाखवायला, आणि टेबलाची कड त्याच्या पोटाला लागली. लागून थांबायला हवी होती. थांबली नाही. सदऱ्याला घडी पडली आणि कड आत गेली, वीतभर, अजून थोडी, जसा उघड्या खिडकीच्या कापडी पडद्यावर हात दाबला की आत जातो. मामाला कळलंच नाही. त्याचा चेहरा तिच्या चेहऱ्यासमोर आला, आणि खाली सदऱ्याच्या बटणांच्या मधली फट उघडली.

आत काळोख नव्हता, हे तिला नंतर आठवत राहिलं. आत जागा होती. जिन्यासारखी, खाली उतरत गेलेली जागा, आणि तिथं कुणीतरी धापा टाकत होतं.

ती ओरडली नाही. किंचाळायला हवा लागते आणि ती हवा तिनं राखून ठेवली. तिनं स्वतःच्या वॉलेटच्या पत्त्यावर टिचकी मारली, ठिपके पसरले, पूर्ण दोरी उघडली, आणि ती मोठ्यानं वाचू लागली. एकेक अक्षर, एकेक आकडा, शाळेत बाकावर उभं केल्यासारखी. आवाज कापत होता, कापू दिला. पहिली चार वाचली तेव्हा मामा हसत मान हलवत होता. ती मधे शिरली तेव्हा हसू तसंच राहिलं, पण मान थांबली.

आणि फटीतून आवाज आला. लांबून, दोन मजले खालून यावा तसा, दम लागलेला.

"दाबू नकोस, गाढविणी. सगळं वाच."

वरचं तोंड म्हणत होतं, "बरोबर की नाही?"

"नाही," वकील त्या तोंडाला म्हणाली. "साफ चूक." मग फटीकडे वाकून म्हणाली, "मामा, मी आहे इथं. तू शिव्या दे. थांबू नकोस."

मामा ताठ झाला. कड बाहेर आली, सदरा सपाट झाला, फट मिटली. खुर्च्या करकरल्या. खोलीतली सगळी पोरं तिच्याकडे वळली होती, पहिलवान सगळ्यांत पुढं. त्यांच्या पडद्यांवर एकच चौकट होती आणि ती तिच्या नावाची होती.

"ए वकील," सगळे एका दमात म्हणाले, आणि तो सूर सुरू झाला, इतक्या तोंडांचा मिळून की खिडकीच्या काचा थरथरल्या. ती कान देऊन ऐकत राहिली. भीती वाटत होती, पण असं आजवर कुणी ऐकलंच नव्हतं, म्हणून तर हे झालं होतं. तिनं ऐकलं, आणि त्या गुळगुळीत सुरात खूप खाली, एकमेकांवर आदळत, ओरडणारी माणसं ऐकू आली. कुणी कुणाला हाका मारत होतं. कुणी रडत होतं. एकजण चहा मागत होता.

तिनं नाकाराचं बटण दाबलं, खुर्ची टेबलापाशी ओढली आणि पाय रोवून बसली.

"गोंधळ नको," ती म्हणाली. "एकेकानं बोला. आणि सुरुवात मधूनच करा."